आजीची बहीण ‘सिनेमात होती’ म्हणजे नेमकं काय करत होती?

प्रश्न थोडक्यात असा आहे. आजीची थोरली बहीण 1934 ते 1940च्या सुमारास पुण्यात एका फिल्म कंपनीत होती, असं घरात सांगतात. तिचा नऊवारीतला, नथ घातलेला एक फोटो आहे. पण चित्रपटांच्या कुठल्याच यादीत तिचं नाव सापडत नाही. आजी आता चौऱ्याण्णव वर्षांची आहे आणि ‘ती मोठी कामं करायची नाही, पण रोज जायची’ एवढंच सांगते. ती खरंच नटी होती का, अशा बाईची कारकीर्द कशी असायची, आणि शोध कुठून सुरू करायचा?

त्या नटी होत्या असं धरूनच चला. यादीत नाव नाही यावरून काहीच सिद्ध होत नाही. जुन्या मराठी बोलपटांची सूची करण्यात माझी तीसेक वर्षं गेली. रीळ फिल्म बघायच्या टेबलावर चढवायचं, पडद्यावर कोण कोण येतं ते लिहून काढायचं, मग गाण्यांची पुस्तिका आणि जुन्या जाहिराती यांच्याशी ताडून बघायचं, असं ते काम. दिग्दर्शक, छायालेखक, गीतकार हे रकाने अर्ध्या दिवसात भरून होत. ‘इतर कलाकार’ हा रकाना मात्र माझ्या हातून कधी पुरा झाला नाही. चेहरे ओळखीचे होत जात, अगदी आपल्या आळीतल्या बायका वाटाव्यात इतके, पण नाव काही हाती लागत नसे. तुमच्या या मावशीआजींना मी कितीतरी वेळा पाहिलं असण्याचा संभव आहे.

तुमच्या आजी म्हणतात ना, ‘रोज जायची’, त्या दोन शब्दांत फार मोठी माहिती आहे. आज नटी एक चित्रपट घेते, तो संपला की दुसरा शोधते. तेव्हा ती कंपनीत नोकरीला असे आणि महिन्याच्या महिन्याला पगार घेई. कोल्हापुरात 1 जून 1929 रोजी निघालेली आणि 1933 साली पुण्याला आलेली प्रभात फिल्म कंपनी हे त्याचं ठळक उदाहरण. शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे पाच मालक. त्यांच्या आवारात सुतार, रंगारी, शिंपी, वादक, रसायनशाळेतली माणसं आणि नटनट्या, सगळे एका फाटकातून आत जात. काम असो नसो, हजर राहायचं. तालमी लांबत. या चित्रपटात राणीची दासी झालेली बाई पुढच्या चित्रपटात पाणवठ्यावरची शेजारीण होई, त्याच्या पुढच्यात नुसतीच गर्दीत उभी राही. त्यामुळे ‘किती चित्रपट केले’ या प्रश्नाला अशा बाईच्या बाबतीत फारसा अर्थ नाही. ‘किती वर्षं कंपनीत होती’ हा खरा प्रश्न.

त्यात भाषांचीही भर होती. प्रभातचा पहिला बोलपट ‘अयोध्येचा राजा’ 1932 साली मराठीत आणि हिंदीत असा दोनदा केला गेला, 1934 सालचा ‘अमृतमंथन’ही तसाच. म्हणजे प्रसंग एकच, पण तो दोन भाषांत स्वतंत्रपणे चित्रित व्हायचा. दासीचं काम करणाऱ्या बाईलाही तेच तबक घेऊन, त्याच जागी, तितकाच वेळ पुन्हा उभं राहावं लागे.

आता अशा बाईची कारकीर्द कुठवर जाऊ शकत होती हे बघायचं असेल, तर माझ्या मते एकच नाव घ्यावं: गौरी. आडनाव नाही, नुसतं गौरी. 1936 सालच्या ‘संत तुकाराम’मधली जिजाई. विष्णुपंत पागनीसांचा तुकाराम सगळ्यांना आठवतो. तो चित्रपट मुंबईच्या सेंट्रल सिनेमात 57 आठवडे चालला आणि 1937 साली व्हेनिसच्या महोत्सवात जगातल्या तीन उत्तम चित्रपटांत त्याची निवड झाली, हेही बहुतेकांना माहीत असतं. पण तुकारामाच्या समोर उभी राहून त्याला ऐहिकात खेचणारी बाई कोण होती, असं विचारलं की लोक गप्प होतात. गौरी काही व्यवसायाने नटी नव्हत्या. प्रभातमध्ये त्या आल्या त्या जमावातली एक बाई म्हणून, आज ज्याला आपण एक्स्ट्रा म्हणतो त्या कामाला. तिथून त्या जिजाईपर्यंत पोचल्या.

‘संत तुकाराम’ मी टेबलावर किती वेळा चालवला याची मोजदाद ठेवली नाही. जिजाई मुलाला घेऊन देवळात येते तो प्रसंग मी नेहमी सावकाश बघतो. घरात संकट, खायला नाही, नवरा भजनात. ती हातात वहाण घेऊन थेट पांडुरंगासमोर उभी राहते आणि त्याला फैलावर घेते. हा प्रसंग सराईत नटीच्या हाती गेला असता तर तिने तो प्रेक्षकांकडे बघून केला असता, आवाज चढवत नेला असता, शेवटच्या वाक्यावर टाळी घेतली असती. गौरी तसं काहीच करत नाहीत. त्या ज्याच्याशी भांडताहेत त्याच्याचकडे बघतात. विठोबा त्यांच्या लेखी देव्हाऱ्यातली मूर्ती नाही, घर बुडवणारा नवऱ्याचा मित्र आहे. तोंडाने शिव्याशाप चालू आहेत आणि चेहऱ्यावर थकवा आहे. राग आणि थकवा एकाच वेळी दाखवणं हे अभिनयातलं फार अवघड काम, आणि ते अशा बाईने करून ठेवलंय जिला कोणी कधी नटी म्हणून घडवलं नव्हतं. चित्रपट तुकारामाचा आहे, पण तुकारामाला सोसणं म्हणजे काय हे जिजाई सांगते, आणि जिजाईवाचून तुकारामाचं संतपण अधांतरी राहिलं असतं असं मला अगदी मनापासून वाटतं.

हे बोलपटातच का घडू शकलं, याचं कारण नीट समजून घ्या, कारण तुमच्या मावशीआजींना कंपनीत जागा मिळाली असेल ती बहुधा त्याच कारणाने.

आपल्याकडे बाईने रंगमंचावर कसं बोलायचं हे त्याआधी कित्येक वर्षं पुरुषांनी ठरवलेलं होतं. स्त्री भूमिका करणारे पुरुष नट, त्यांचा गोड, ओढलेला, सुरात बांधलेला उच्चार, हीच प्रेक्षकाच्या कानातली ‘नाटकातली बाई’. खुद्द पागनीसही रंगभूमीवर स्त्री भूमिका करून नावाजलेले. दादासाहेब फाळक्यांच्या 1913 सालच्या ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामतीसुद्धा साळुंके नावाच्या पुरुषाने केली. त्याच साली ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमला पडद्यावर आल्या खऱ्या, पण तो मूकपट. त्यांचा आवाज प्रेक्षकाने ऐकला नाही.

14 मार्च 1931 रोजी मुंबईच्या मॅजेस्टिकमध्ये ‘आलम आरा’ लागला आणि चित्र बोलू लागलं. त्यानंतर काय झालं हे सांगताना सगळे गाणाऱ्यांबद्दल सांगतात, कारण ज्याला गाता येत नाही त्याला नायक-नायिका होणं कठीण झालं. मूकपटातल्या सर्वांत लोकप्रिय नायिका सुलोचना, म्हणजे रुबी मायर्स, यांना हिंदुस्थानी शिकण्यासाठी काही काळ पडद्यापासून दूर राहावं लागलं. हे सगळं वरच्या मजल्यावर चाललं होतं. खालच्या मजल्यावर निराळंच घडत होतं. शेजारीण, सासू, मोलकरीण, बाजारातली भाजीवाली यांना गायचं नव्हतं, बोलायचं होतं. आणि बोलणं तिथल्या तिथे, चित्रण चालू असतानाच ध्वनिमुद्रित होत होतं. नंतर सावकाश दुसऱ्या आवाजात भरून घेण्याची सोय तेव्हा नव्हती. पार्श्वगायनसुद्धा कलकत्त्याच्या न्यू थिएटर्समध्ये 1935 साली आलं. म्हणजे चेहरा जिचा, बोली तिचीच. बोली खरी नसेल तर ती लपवायला जागाच नव्हती.

मायक्रोफोनचंही एक होतं. तो नाटकातल्या आवाजाला साथ देत नसे. शेवटच्या रांगेपर्यंत शब्द फेकायची सवय असलेली माणसं त्याच्यासमोर ओरडल्यासारखी वाटत. चुलीपाशी बसून, निम्मं स्वतःशी आणि निम्मं नवऱ्याशी बोलणाऱ्या बाईचा आवाज मात्र त्याला फार मानवे. प्रभातमध्ये ध्वनिमुद्रणाची बाजू स्वतः दामले सांभाळत, आणि ‘संत तुकाराम’चे दिग्दर्शकही दामले आणि फत्तेलाल. ज्या माणसाने दिवसरात्र आवाज ऐकला त्याला गौरींच्या आवाजाचं मोल कळलं असेल यात मला शंका वाटत नाही. तुकारामाच्या वाट्याला गाणं आणि जिजाईच्या वाट्याला बोलणं ही त्या चित्रपटातली वाटणी तुम्ही एकदा डोळे मिटून ऐका.

सगळ्याच दुय्यम नट्या अशा वाटेने आल्या नाहीत, हेही सांगायला हवं. 1937 सालच्या ‘कुंकू’त म्हाताऱ्या वकिलाची विधवा, समाजकार्य करणारी मुलगी आहे, जी आपल्या तरुण सावत्र आईची बाजू घेते. ती भूमिका शकुंतला परांजपे यांची. रँग्लर परांजप्यांची कन्या, केंब्रिजला गणित शिकलेल्या. त्यांनी पुढे आयुष्य दिलं ते कुटुंबनियोजनाच्या प्रसाराला. 1964 ते 1970 त्या राज्यसभेवर होत्या, 1991 साली त्यांना पद्मभूषण मिळालं. सिनेमात त्या पाहुण्या म्हणून आल्या, आणि परतायला त्यांना घर होतं, नाव होतं. गौरींसारख्या बाईला कंपनी हीच रोजीरोटी. हा फरक पडद्यावरही दिसतो. शकुंतलाबाई जे बोलतात ते त्यांना स्वतःला पटलेलं आहे, आणि म्हणून त्या ठाम, ताठ वाटतात. त्याच चित्रपटात घरातल्या वडीलधाऱ्या बाईचं काम विमला वसिष्ठ करतात. ‘कुंकू’ला पार्श्वसंगीत नाही, घरातले आणि रस्त्यावरचे आवाज तेवढे आहेत. त्यामुळे या बायकांचं बोलणं कुठल्याही वाद्याच्या आधाराशिवाय आपल्यापुढे येतं. नव्वद वर्षांपूर्वीच्या मराठी घरात बायका कशा बोलत हे ऐकायचं असेल तर याहून चांगली जागा नाही.

तिसरी वाट सुंदराबाईंची. पुण्याच्या सुंदराबाई जाधव, लावणी, ठुमरी, गझल यांत गाजलेल्या, ज्यांनी ‘एकच प्याला’तल्या पदांना चाली दिल्या. 1939 सालच्या ‘माणूस’मध्ये त्या पोलिसाची देवभोळी आई होतात. एका थोर गायिकेची उत्तरवयातली ही नवी कामगिरी होती. मुलाला जेवायला वाढण्यात आणि देवापुढे बसण्यात त्यांनी जी माया ओतली आहे, ती बघताना त्यांचं गाणं आठवतही नाही.

पण गौरींकडे परत येतो, कारण तुमच्या प्रश्नाला जवळची तीच वाट आहे. जिजाईनंतर काय? आज एखाद्या नटीने असं काम केलं असतं तर तिच्याभोवती भूमिका लिहिल्या गेल्या असत्या. तेव्हा साचा तयार झाला. 1941 सालच्या ‘संत सखू’त हंसा वाडकर सखू आहेत आणि गौरी तिला छळणारी सासू. म्हणजे जिजाईची धारदार जीभ कंपनीने उचलली, तिच्यामागचं दुःख सोडून दिलं. मला हे अजून खटकतं. ज्या बाईने एवढं गुंतागुंतीचं काम करून दाखवलं, तिला पुन्हा फक्त खाष्टपणा मागितला गेला. आणि ती नाही म्हणू शकत नव्हती. करार, पगार, भूमिका या गोष्टींवर भांडायचं बळ नायिकेकडे होतं. शांता आपटे 1939 साली करारावरून प्रभातच्या फाटकाशी उपोषणाला बसल्या आणि त्याची चर्चा सगळीकडे झाली. जमावातली बाई तशी बसली असती तर दुसऱ्या दिवशी तिच्या जागी दुसरी उभी राहिली असती.

आठवणींचंही तेच. शांता आपटे यांनी ‘जाऊ मी सिनेमात?’ लिहिलं, दुर्गा खोटे यांनी ‘मी, दुर्गा खोटे’, हंसा वाडकरांनी ‘सांगत्ये ऐका’, लीला चिटणीस यांनी ‘चंदेरी दुनियेत’. त्या काळच्या बायकांनी स्वतःबद्दल इतकं मोकळेपणी लिहिलं हा मराठीचा मोठा ठेवा आहे. पण या सगळ्या नायिका. पाणवठ्यावरच्या शेजारणीचं आत्मचरित्र कोणी मागितलं नाही. म्हणून या पुस्तकांकडे मी दुसऱ्या कामासाठी वळतो. नायिका स्वतःबद्दल सांगताना मेकअपच्या खोलीतल्या, गाडीतून बरोबर येणाऱ्या, तालमीला खोळंबलेल्या बायकांचा ओझरता उल्लेख करून जातात, आणि आपल्याला हवी असते ती माहिती नेमकी त्या ओझरत्या उल्लेखांत असते.

नाव का मिळत नाही, याची दोन कारणं. एक तर श्रेयनामावलीत दुय्यम कलाकारांना एकच नाव देत: गौरी, वासंती, नर्मदा. त्यात आडनाव, गाव, काहीच नाही. दुसरं कारण घरचं. सिनेमात जाणं हे तेव्हा अब्रूचं काम समजलं जात नसे. म्हणूनच दुर्गाबाई खोट्यांसारखी घरंदाज, शिकलेली बाई पडद्यावर आली याचा एवढा गाजावाजा झाला. जिचं घराणं मोठं तिचं नाव पुढे करत, जिचं नव्हतं तिचं नाव झाकत. कित्येक बायका कंपनीत निराळ्या नावाने ओळखल्या जात आणि लग्नानंतर ते नावही मागे टाकत. तुमच्या घरात फोटो जपून ठेवला आहे, म्हणजे कोणीतरी या झाकाझाकीला नकार दिला होता. माझ्या अनुभवात असे फोटो फार थोड्या घरांत उरले आहेत.

तर आता शोध. फोटो चौकटीतून काढा आणि आधी मागची बाजू बघा. छायाचित्रकाराचा शिक्का, पेन्सिलीने लिहिलेला आकडा, काही असेल तर त्याचा वेगळा फोटो घ्या. मग पुढची बाजू. हौसेने स्टुडिओत काढलेल्या फोटोत बाई बहुधा कॅमेऱ्याकडे बघते आणि शेजारी खुर्ची किंवा फुलदाणी असते. चित्रपटाच्या स्थिरचित्रात, म्हणजे प्रसंगाच्या काढून ठेवलेल्या फोटोत, नजर दुसरीकडे असते आणि चेहऱ्यावर दोन-तीन बाजूंनी प्रकाश असतो, त्यामुळे नथीची सावली गालावर एकाहून जास्त ठिकाणी पडलेली दिसते. भिंग घेऊन तेवढं बघा.

आजींना तिचं नाव विचारू नका, ते तुम्हाला माहीत आहे. ‘कंपनीत तिला काय म्हणायचे?’ असं विचारा. आणि रोज जायची ती कुठून, पायी की गाडीने, बरोबर कोण असायचं, हे विचारा. प्रभातचा स्टुडिओ एरंडवण्यात टेकडीच्या पायथ्याशी होता, आता तिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे. पण पुण्यात तेव्हा एकच कंपनी नव्हती. दादासाहेब तोरण्यांचा सरस्वती सिनेटोनही होता. जाण्याच्या वाटेवरून कंपनी ओळखता येते.

कंपनीचं आणि साधारण सालाचं नक्की झालं की पुण्यातल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे जा. 1964 साली सुरू झालेल्या या संग्रहालयात गाण्यांच्या पुस्तिका, स्थिरचित्रं, जाहिराती आहेत. पुस्तिकेचं मुखपृष्ठ नव्हे, आतलं पात्रपरिचयाचं पान मागा, आणि चित्रपट दोन्ही भाषांत असेल तर दोन्ही पुस्तिका मागा, कारण नावांची यादी दोन्हींत सारखी असेलच असं नाही. एका गोष्टीची मनाची तयारी ठेवा. जुनी फिल्म नायट्रेटची, भडकन पेट घेणारी. 2003च्या जानेवारीत पुण्यात लागलेल्या आगीत अशा पुष्कळ जुन्या प्रिंट जळाल्या, प्रभातच्याही. त्या चित्रपटांच्या पुढे काढलेल्या प्रती आहेत, पण काही चेहरे नुसत्या स्थिरचित्रांतच उरले असतील.

हे सगळं होईल तेव्हा होईल. आजींचं वय बघता एक काम या आठवड्यातच करा. ‘संत तुकाराम’, ‘कुंकू’, ‘माणूस’ हे तिन्ही चित्रपट सहज मिळतात. मोठ्या पडद्यावर लावा, आवाज पुरेसा ठेवा, आणि आजींना नायक-नायिकेकडे नाही, मागे उभ्या असलेल्या बायकांकडे बघायला सांगा. एका बैठकीला अर्धा तास पुरे. म्हाताऱ्या माणसाला चेहऱ्याआधी चालणं ओळखू येतं, पदर सावरायची लकब ओळखू येते, असं मी अनेक घरांत पाहिलं आहे. त्या ‘थांब’ म्हणतील तिथे चित्र थांबवा, चित्रपटाचं नाव, मिनिट, सेकंद आणि बाई चौकटीत डावीकडे आहे की उजवीकडे, हे लिहून ठेवा. मग तो कागद आणि फोटो घेऊन संग्रहालयात जा.